सतरंजीवरचं पाचवं माणूस

माझ्या नातीची, तन्वीची, एक मालिका आहे. कॉलेजातली पोरंपोरी, त्यांची भांडणं, कोण कोणाशी बोलत नाही, कोण कोणासाठी रडतं. सहावीत होती तेव्हापासून ती बघते आहे. आता तिचा शेवटचा सीझन आला आणि त्या लोकांना काय सुचलं कोणास ठाऊक, त्यांनी ती सगळी पोरं उचलून आणीबाणीत नेऊन ठेवली. कशी गेली, का गेली, काही नाही. एका सकाळी उठतात तर भिंतीवर जुनं कॅलेंडर. तीच पोरगी, तोच पोरगा, फक्त तिला दोन वेण्या आणि त्याला कानाखाली कल्ले. आणि सगळे कुजबुजत बोलतात. घरात कुजबुजतात, बागेत कुजबुजतात, वाचनालयात तर विचारूच नका. एवढं कुजबुजून झालं की रोज शेवटी त्यांच्यातलं एकजण भर चौकात मोठ्यानं भाषण करतं.

मी पहिल्या दिवसापासून वैतागले आहे. त्या पोरीच्या चपला बघा, कधी मळत नाहीत. तिच्या घरी कोणी भाकरी थापत नाही, कोणी पाणी भरत नाही. जीव मुठीत धरून पळतात आणि केस जागच्या जागी. तन्वी विचारते, "आजी, तुमच्या वेळी असंच होतं ना?" मी म्हणते, "न्हाई." ती म्हणते, "मग कसं होतं?" तिथं माझं तोंड बंद होतं. चार माणसांपुढं मला जन्मात बोलता आलेलं नाही, नातीपुढंसुद्धा नीट येत नाही. म्हणून ही वही घेतली आहे. तन्वीचीच आहे, मागच्या वर्षीची, अर्धी कोरी. माझं शिक्षण चौथीपर्यंतचं. त्यात जेवढं येईल तेवढं लिहिते, आणि झालं की पेटीत तळाशी ठेवून देते.

डोंगरकड्याच्या अलीकडं दोन कोसांवर आमचं गाव. शाळा चौथीपर्यंत. पाचवीला डोंगरकड्याला पायी जावं लागे आणि अण्णा, म्हणजे माझे वडील, म्हणाले, "रस्त्यात काई झालं तं ही कोणाला सांगंल? हिला तोंड कुठं हाय?" त्यावर मी काहीच बोलले नाही, म्हणजे त्यांचं म्हणणं खरंच ठरलं. तेव्हापासून मी घरी. माय, मी आणि अण्णा, तिघंच. दोन खोल्या, पुढं अंगण, अंगणाला काट्याचं कुंपण आणि कुंपणापलीकडून गावचा रस्ता.

अण्णा हळद शिजवण्यात हुशार होते. माघ-फाल्गुनात हळद निघाली की दोन-तीन गावांतून बोलावणं यायचं. शेतातच चुलवण खणायचं, त्यावर माणूस बसेल एवढी कढई, वर ओली पोती झाकायची. हळद शिजली का नाही हे अण्णा वासावरून सांगत, मग उगीच इतरांच्या समाधानासाठी एक काडी टोचून दाखवत. वाळलेली हळद आमच्या अंगणात यायची. मी आणि माय दोन बाजूंनी पोतं धरून ती घासायचो, साल निघेपर्यंत. त्या घासण्याचा आवाज दिवसभर चाले, खरड खरड खरड, गावातल्या दहा-बारा घरांमधून एकदमच. त्या दिवसांत आमच्याकडं सगळंच पिवळं असे. हात कोपरापर्यंत पिवळे, रांजणाचा काठ पिवळा, भाकरीवर मायच्या बोटांचे पिवळे ठसे. अंबाडीची भाजी, लसणाची चटणी, आणि चुलवणाच्या राखेत भाजलेल्या तुरीच्या शेंगा, त्याही पिवळ्या हातानं सोललेल्या. मला आजही पाकिटातली हळद आवडत नाही. तिला वासच नाही. सुनेला सांगावं तर ती म्हणते, आई, ब्रँडेड आहे.

आणीबाणी आमच्या गावात आली ती हलगीवर आली. गंगारामकाका कोतवालांनी दवंडी दिली की पाच इसमांनी एका जागी जमू नये, जमतील तर धरून नेलं जाईल. मालिकेतल्यासारखे कागद-बिगद वाटायला कोणी आलं नाही. पण लोकांनी ते पाच धरून ठेवले. पारावर चार जण बसले की पाचवा रस्त्यात उभा राहून बोलायचा. तो मोठ्यानं बोलायचा, कारण लांब असायचा, आणि मग सगळ्या गावाला ऐकू जायचं. बाकी माणसं तोंड सांभाळून बोलू लागली. मला मनातून बरंच वाटलं. मी आधीपासूनच बोलत नव्हते. आता सगळं गाव माझ्यासारखं झालं होतं.

त्या वर्षी माझ्या मनात एकच गोष्ट होती. अण्णांचे दोस्त हबीबचाचा डोंगरकड्याला शिंपीकाम करायचे. त्यांनी सांगितलं होतं की कळमनुरीला पोरींसाठी शिवणक्लास निघतोय, चौथी पास चालते, राहायची सोय आहे. मला म्हणाले होते, "मशीन चालू असली ना बेटी, तं बोलावं लागत न्हाई. मशीनच बोलती." ही गोष्ट मला इतकी पटली की मी तो फॉर्म चार दिवसांत तीनदा वाचला. पाडव्यानंतर क्लास सुरू होणार होता. अण्णा हो-नाही करत शेवटी सही करून मोकळे झाले. फॉर्म मायच्या पेटीत, तिच्या लग्नातल्या लुगड्याखाली ठेवला होता.

तेवढ्यात आत्या आली. अण्णांची थोरली बहीण, सेनगावकडं दिलेली, नवरा लवकर गेलेला, एकच पोरगा, सुदाम. तो एकोणीस वर्षांचा, माझ्याहून तीन वर्षांनी मोठा. त्यांच्याकडं नसबंदीच्या ऑपरेशनवाल्यांची जीप फिरायची. लग्न झालेला, न झालेला काही न बघता माणसं नेतात अशी आवई होती. एकुलत्या एका पोराला नेलं तर वंश बुडाला, या भीतीनं आत्याची झोप उडाली. मग तिनं काय केलं? पोराच्या अंगाला हळद लावली. डोक्याला पिवळा फेटा, कपाळाला मुंडावळ्या, हातात लिंबू टोचलेली सुरी. अंगाला हळद लागलेल्या नवरदेवाला कोण हात लावणार? आणि तसाच त्याला एसटीत बसवून हिंगोली, कळमनुरी करत आमच्याकडं घेऊन आली. हळद लागलेल्या पोराला वेशीबाहेर पाठवत नाहीत, हे शेंबडं पोरही सांगेल. याचा तीन तालुक्यांचा प्रवास झाला.

मायनं दारातच विचारलं, "वन्सं, नवरी कोण?"

"नवरी काहून लागती? हळद लागती," आत्या म्हणाली.

सुदाम अकरा दिवस नवरदेव होता. रोज सकाळी आत्या त्याला ताजी हळद लावायची. मला त्याचा फार वैताग यायचा. तो सतत बोलायचा. एसटीत कंडक्टरनं त्याला पुढची सीट दिली, तीन म्हाताऱ्यांनी त्याच्यावरून बोटं मोडली, कळमनुरीला एकानं फुकट चहा पाजला, हे मी पन्नास वेळा ऐकलं. भाकरी खाताना सुरी मांडीवर, पाणी प्यायला गेला की सुरी काखेत. मी पोतं घासत असले की समोर बसून म्हणायचा, "तू बोलत काहून न्हाईस? मी एकलाच बोलून राहिलो." मी पोतं जोरात घासायची.

बाजाराच्या दिवशी आत्या म्हणाली, नवरदेवाचं घर आहे तर काही खरेदी दिसली पाहिजे. ती, सुदाम आणि मी डोंगरकड्याला निघालो. मी निघाले होते ते फॉर्म हबीबचाचांना द्यायला. ते दुसऱ्या दिवशी कळमनुरीला जाणार होते. बांगड्यांच्या दुकानापाशी जीप उभी होती. त्यातून एक कारकून उतरला, हातात वही. सुदामाला बघून म्हणाला, "लगीन कधी?"

सुदामाची बोबडी वळली. अकरा दिवसांत पहिल्यांदा तो गप्प झाला, तो नेमका तेव्हा.

"येत्या आठवड्यात," आत्या म्हणाली.

"नवरी कुठली? का नुसतीच हळद? अशे दोन नवरदेव सापडले मला परवा."

आत्यानं माझा हात धरला आणि वर केला. हात कोपरापर्यंत पिवळा. "ही काय नवरी. मामाची पोरगी. उष्टी हळद लागली बघा तिला."

नवरदेवाच्या अंगावरची उरलेली हळद नवरीला लावतात, ती उष्टी हळद. ती लागली म्हणजे पोरगी त्याची झाली, अशी आमच्याकडं रीत. बौद्ध धम्माची दीक्षा घेतल्यावर अण्णांनी पुष्कळ जुन्या रीती सोडल्या, पण हळद कोणी सोडली नव्हती. माझ्या हातावरची हळद पोत्यातली होती, हे बांगडीवाल्यालाही कळत होतं, कारण त्याच्या बायकोचे हातही तसेच होते. कारकून परगावचा. त्यानं मला विचारलं, "खरं हाय का?" जीपमध्ये मागं दोन माणसं बसली होती. त्यातला एक रडत होता, आवाज न करता. मी नाही म्हटलं असतं तर सुदाम तिसरा. मी खाली बघितलं. कारकुनानं माझं नाव विचारलं, आत्यानं सांगितलं, त्यानं वहीत लिहिलं. जीप गेली. दुसऱ्या हातातला फॉर्म मी इतका आवळला होता की त्याच्यावर माझी पाचही बोटं पिवळी उठली होती. दुकानात गेल्यावर हबीबचाचांनी तो पाहिला आणि म्हणाले, "दुसरा आणतो." पण दुसरा कशाला, हे त्यांनाही तोवर कळलं होतं. बाजारात सगळ्यांनीच ऐकलं होतं.

घरी आल्यावर आत्यानं नवंच काढलं. आता लग्न करावंच लागणार. "लिहून नेलं ना त्यानं. उद्या तपासाला आला तं? लगीन न्हाई झालं तं माझ्या लेकराला नेतील, आन् खोटं बोलले म्हणून तुलाबी नेतील, अण्णा."

माय म्हणाली, "अवो वन्सं, तिच्या हाताची हळद कामाची हाय. या आठवड्यात गावातल्या समद्या बाया पिवळ्या हात. समद्यायचं लगीन लावता का सुदामाशी?"

"मला चालंल," सुदाम आतून म्हणाला. त्याला मायनं लाटणं दाखवलं.

पण अण्णा गप्प झाले होते. अण्णा गप्प झाले म्हणजे घाबरले. मालिकेतले बाप घाबरत नाहीत, ते छाती पुढं काढून दारात उभे राहतात. माझे वडील चांगले होते आणि घाबरले होते, या दोन्ही गोष्टी खऱ्या आहेत. मला त्यांचा राग आला आणि दयाही आली, आणि त्या दोन्हींचाही मला कंटाळा आला.

दुसऱ्या दिवशी सकाळी अंगणात सतरंजी अंथरली. लग्नाला किती माणसं चालतील हे विचारायला कोतवाल गंगारामकाकांना बोलावलं. हबीबचाचा कळमनुरीला जायचे ते न जाता आमच्याकडं आले. अण्णा आणि सुदाम धरून चार. गंगारामकाकांनी बसण्याआधी बोटानं मोजलं. "एक, दोन, तीन, चार. बास. पाचवा आला तं मी चाललो. दवंडी म्याच दिलेली हाय." आत्या आणि माय उंबऱ्याच्या आत उभ्या होत्या. उंबऱ्याच्या आतलं मोजायचं नाही, असं काकांनीच ठरवलं होतं.

मी चुलीपाशी गुळाचा चहा करत होते. सगळं ऐकू येत होतं. परवा लग्न, दहा माणसं, तीसुद्धा एकदम नाही, दोन-दोन करून जेवायला. आहेर नको, वाजंत्री नको. लग्न म्हणजे कोणाला तरी मातीत पोचवायला निघालेत असं वाटत होतं.

हबीबचाचा म्हणाले, "लडकी से पूछा किसी ने?"

"तिला काय पुसायचं, चाचा," अण्णा म्हणाले. "ती सांगती का कधी काई?"

उंबऱ्यातून आत्या म्हणाली, "काल जीपवाल्यानं पुसलं तवा चूप बसली का न्हाई? मनात नसतं तं बोलली असती."

इथं माझ्या डोक्यात काहीतरी झालं. मी तिच्या पोरासाठी गप्प बसले होते. तो अख्खा घरी परत यावा म्हणून. आणि तेच माझ्या गळ्यात बांधत होते.

मी चहाची परात घेऊन बाहेर गेले. चार कप खाली ठेवले. आता उठून आत जायचं, रोजच्यासारखं. मी गेले नाही. हबीबचाचा आणि सुदाम यांच्यामध्ये हातभर जागा होती, तिथं बसले. धाडस वगैरे काही नव्हतं. पाय वाकले आणि मी बसले.

आधी कोणाच्या लक्षात आलं नाही. मग गंगारामकाकांचा कप ओठापाशी थांबला. त्यांचे डोळे एकेकावरून फिरले.

"अण्णा, पाच झाले."

"कोण? ही? ही घरची पोरगी हाय."

"घरची आसंल. सतरंजीवर हाय."

"बाईमाणूस कुठं मोजतेत का," आत्या म्हणाली.

"ते मला मालूम न्हाई," काका म्हणाले. त्यांनी कुंपणाबाहेर रस्त्याकडं दोनदा बघितलं. "दवंडीत बाई-गडी काई सांगितलेलं नव्हतं. पाच म्हणले, म्या पाच म्हणलं. कोणी मोजलं तं डोकीच मोजंल ना?"

"बराबर आहे," हबीबचाचा म्हणाले. "मी कपड्याचं माप घेतो तं बाईचंबी घ्यावंच लागतं. अंदाजे शिवत न्हाई."

"पोरी, ऊठ," काका म्हणाले. "ऊठ माय, तकलीफ नको करू. एकाला तं उठावंच लागंल."

सगळे माझ्याकडं बघत होते. सतरंजीवर निळा पट्टा होता आणि त्यात विडीनं जळालेलं एक भोक. मी त्या भोकाकडं बघत राहिले. अण्णांनी एकदा माझं नाव घेतलं, मग पुन्हा घेतलं. मी उठले नाही.

सुदाम उठला. सुरी हातात घेतली, लिंबू नीट टोचलं आणि म्हणाला, "मी उठतो. चार राहतेत."

"आरे तू कुठं उठून राहिला?" आत्या म्हणाली. "तुझंच तं लगीन हाय."

"मंग माझ्यावाचून ठरवा. तिच्यावाचून ठरवतच व्हते की."

तो रांजणापाशी गेला, मुंडावळ्या काढून कुंपणाला अडकवल्या आणि तोंडावर पाणी मारू लागला. पिवळं पाणी अंगणातून वाहत सतरंजीच्या कडेपर्यंत आलं. गंगारामकाकांनी पुन्हा मोजलं. चार. त्यांनी चहा प्यायला.

अण्णा माझ्याकडं वळले. म्हणाले, "आता बसलीच हाईस तं बोल."

मी म्हटलं, "मला शिवणक्लासला जायचंय."

"काय म्हणली?" काकांना ऐकू गेलं नाही. हबीबचाचांनी ते मोठ्यानं सांगितलं. पार उंबऱ्यापर्यंत, रस्त्यापर्यंत. एवढंच माझं भाषण, तेसुद्धा दुसऱ्यानं केलेलं.

मग मायनं जे सांगितलं ते अकरा दिवस आधी सुचलं असतं तर! ती उंबऱ्यातूनच म्हणाली, "आवो, सुदामाला तुमच्याबरोबर चुलवणावर न्या ना. हळद शिजवणाऱ्याच्या अंगावर हळद असतीच. नवरी कोण पुसणार तिथं?" घरात हळदीची अख्खी पोती, आणि आम्ही नवरदेव सजवत बसलो होतो. हंगाम संपेपर्यंत सुदाम अण्णांच्या हाताखाली कढईवर राबला, डोक्यापासून पायापर्यंत पिवळा. जीप आमच्या गावात आली नाही. आत्या माझ्याशी दोन वर्षं बोलली नाही, मला त्यात काही अवघड गेलं नाही. पाडव्यानंतर मी कळमनुरीला गेले. फॉर्म तोच दिला, पिवळ्या बोटांचा. दुसरा मिळालाच नाही. त्या क्लासवर मी पुढं घर चालवलं, पोरं शिकवली, हिंगोलीत दोन खोल्या बांधल्या. ते सगळं इथं लिहीत नाही.

काल रविवारी मालिकेचा शेवटचा भाग होता. मुलगा, सून, तन्वी आणि मी बघत बसलो होतो. वेण्यावाली पोरगी चौकात भाषण करत होती, पोलीस शिट्ट्या मारत होते, तन्वी डोळे पुसत होती. तेवढ्यात सुदाम आला. त्याचा दवाखान्याचा फेरा असला की तो सेनगावहून आमच्याकडं उतरतो. आता काठी आहे, दात नाहीत, बोलणं तेवढंच आहे. दारातच थांबला.

"किती जण हायेत?"

"चार," तन्वी म्हणाली. "का, आजोबा?"

"मंग मी उभाच बरा."

मुलगा म्हणाला, "बसा ना मामा, काय हे," आणि सुनेकडं बघून हसला. म्हाताऱ्याची जुनी खोड, असं त्यांना वाटतं. गेली पन्नास वर्षं तो दरवेळी हेच म्हणतो, आणि दरवेळी कोणीतरी त्याला खुर्ची देतं. काल मी दिवाणावर सरकले, हातभर जागा केली.

"बस," मी म्हणाले. "मोजलं तं मोजलं."

तन्वीनं पहिल्यांदा टीव्हीवरची नजर काढून माझ्याकडं बघितलं.